कालाबासितास: अंगच्या रसात शिजणारी मेक्सिकन भाजी

मेक्सिकन जेवण म्हटलं की आपल्याकडे कुरकुरीत टाको, वर ओतलेलं पिवळंधम्मक चीज आणि बाटलीतला साल्सा डोळ्यांसमोर येतो. मेक्सिकोतल्या घरांत रोज दुपारी जे शिजतं, त्याचा याच्याशी फारसा संबंध नाही. तिथे पातेलंभर शिजवलेला घेवडा असतो, भात असतो, मक्याच्या टॉर्टिया, म्हणजे पातळ भाकऱ्या, असतात आणि बाजूला एखादी साधी भाजी. घरोघरी होणाऱ्या या भाज्यांत कालाबासितासचा नंबर बराच वरचा. कोवळ्या भोपळ्याच्या फोडी, मक्याचे दाणे, टोमॅटो, कांदा आणि मिरची, एवढाच तिचा संसार. कांदा पांढरा, टोमॅटो लाल, मिरची हिरवी, म्हणजे मेक्सिकोच्या झेंड्याचे तिन्ही रंग. या तिघांवर बेतलेले पदार्थ तिकडे ‘आ ला मेहिकाना’ म्हणून ओळखले जातात, मग ती अंडी असोत, मांस असो की ही भाजी.

यातली एकही वस्तू आपल्या स्वयंपाकघराला परकी नाही, आणि गोची नेमकी तिथेच आहे. भाजी ओळखीची वाटते, म्हणून हात सवयीने मोहरी-हिंगाच्या डब्याकडे जातो आणि पाठोपाठ पाण्याच्या भांड्याकडे. इथे दोन्ही नकोत. फोडणी नाही, हळद नाही, गोडा मसाला तर नाहीच, आणि पाण्याचा थेंबही वरून घालायचा नाही. कोवळ्या भोपळ्याच्या वजनात सुमारे 95 टक्के पाणी असतं. ते हळूहळू बाहेर काढायचं, टोमॅटोच्या रसात मिसळू द्यायचं आणि त्याच रसात फोडी शिजवायच्या. भाजीची सगळी चव या रसात असते. पाणी घातलंत की रस पातळ होतो, मसाला घातलात की तो झाकला जातो.

एकाच शेतातून आलेली भाजी

मेक्सिकोत मका, घेवडा आणि भोपळा एकाच शेतात एकत्र लावायची पद्धत फार जुनी आहे. या शेतीला ‘मिल्पा’ म्हणतात. मक्याचं ताट उभं राहतं, घेवड्याचा वेल त्याच्या आधाराने चढतो आणि जमिनीला नत्र पुरवतो, भोपळ्याची रुंद पानं खाली पसरून ओल टिकवतात आणि तण दाबतात. ज्वारीत तूर घेणाऱ्या शेतकऱ्याला यात नवल वाटणार नाही. वाहाका राज्यातल्या मित्ला गावाजवळ गिला नाकित्स नावाची गुहा आहे. तिथे सापडलेल्या भोपळ्याच्या बिया सुमारे 10,000 वर्षांपूर्वीच्या आहेत, म्हणजे तिथल्या माणसाने मक्याच्याही आधी भोपळा लावायला घेतला होता.

कांदा, लसूण, तेलातुपात परतणं आणि चीज या गोष्टी मात्र सोळाव्या शतकात स्पॅनिश लोकांबरोबर तिकडे पोचल्या. त्याआधी तिथला स्वयंपाक उकडण्यावर, वाफवण्यावर आणि मातीच्या तव्यावर भाजण्यावर चालायचा. त्याच शतकात मिरची उलट्या दिशेने निघाली आणि पोर्तुगीज जहाजांतून गोव्याला उतरली. पुढे आपण तिचं काय केलं हे सांगायला नको.

भोपळा कोणता घ्यायचा

मेक्सिकोत या भाजीला फिकट हिरव्या सालीची, पांढुरक्या ठिपक्यांची, बुटकी आणि एका टोकाला जाड अशी जात वापरतात. काही भागांत चेंडूसारखी गोल जातही मिळते. अमेरिकेत राहणाऱ्यांना ही पहिली जात मेक्सिकन किराणा दुकानात ‘मेक्सिकन स्क्वॉश’ किंवा ‘ग्रे स्क्वॉश’ अशा पाटीखाली सापडेल. मिळाली तर तीच घ्या. गडद हिरव्या झुकिनीपेक्षा तिचा गर घट्ट आणि किंचित गोडसर असतो.

पुण्या-मुंबईत झुकिनी आता सहज मिळते आणि तिने काम छान होतं. मुळात ती याच अमेरिकन भोपळ्याची इटलीत तयार झालेली जात आहे. आकाराकडे मात्र नीट लक्ष द्या. वीतभरापेक्षा लांब नको, एकेक नग साधारण 150 ग्रॅमचा असावा, साल चकचकीत हवी आणि नख लावलं तर सहज रुतलं पाहिजे. दुकानात हटकून दिसणाऱ्या हातभर लांब, मनगटाएवढ्या झुकिनीत बिया मोठ्या आणि मधला गर स्पंजासारखा झालेला असतो. तो शिजला की त्याचा लगदा होतो. नाइलाजाने तशीच घ्यावी लागली तर उभी चिरून मधला बियांचा भाग चमच्याने खरवडून टाका.

झुकिनी मिळत नसेल तर आपल्याकडे सगळ्यात जवळचा पर्याय म्हणजे कोवळा हिरवा भोपळा, म्हणजे लाल भोपळ्याचंच न पिकलेलं फळ. गावाकडच्या बाजारात आणि परसात वेल असलेल्यांकडे तो मिळतो. मेक्सिकोतही अशी कोवळी फळं याच पद्धतीने करतात. पिकलेला लाल भोपळा इथे चालत नाही, सगळी भाजी गोडमिट्ट होते. दुधी चालतो. तो वेगळ्या जातीचा आणि चवीला जरा मवाळ, पण कोवळा असेल तर रस छान सोडतो. त्याची साल काढा आणि शिजायला पाच मिनिटं जास्त द्या. दोडका नको. त्याला इतकं पाणी सुटतं की भाजीचं कालवण होतं. बेंगळुरूकडे राहणाऱ्यांना ‘सीमे बदनेकाई’ या नावाने चायोते मिळतो. तो तर मूळचाच मेक्सिकन, आणि तिकडे त्याची अशीच भाजी होते. शिजायला मात्र तो दुप्पट वेळ घेतो.

कोणताही भोपळा चिरताना एक कच्ची चकती चाखून बघाच. कडू लागली तर ते फळ सरळ फेकून द्या. हा कडवटपणा शिजवून जात नाही, आणि पोटात गेला तर उलट्या-जुलाब होण्याइतका तो विषारी असतो. कडू दुधीबद्दल आपल्याकडे जो इशारा दिला जातो, तोच इथेही लागू आहे.

मका: इथे गावठी कणीसच जिंकतं

मेक्सिकोतलं कणीस पांढऱ्या दाण्याचं, पिठूळ आणि कमी गोड असतं. पावसाळ्यात गाडीवर भाजून लिंबू-तिखट लावून मिळणारं आपलं गावठी कणीस त्याच्या खूप जवळ जातं. स्वीट कॉर्नने भाजी होते, वाईटही लागत नाही, पण भोपळा गोडसर, मका गोड आणि परतलेला कांदाही गोड असं तिहेरी गोड प्रकरण होऊन बसतं. शिवाय गावठी दाण्यातला पिठूळ चीक रसात उतरतो आणि रसाला अंग येतं. स्वीट कॉर्नमध्ये ते होत नाही.

कणीस कोवळं हवं. दाण्यात नख खुपसलं की दुधासारखा चीक बाहेर आला पाहिजे. पाणी आलं तर कणीस अजून भरलेलं नाही आणि पीठ आलं तर ते जून झालंय. कणीस पसरट ताटात उभं धरा आणि सुरीने वरून खाली दाणे कापून घ्या. अगदी मुळाशी जाऊ नका, थोडा दाणा कणसावर राहिला तरी चालेल. मग सुरी उलटी करून तिच्या बोथट बाजूने तेच कणीस पुन्हा वरून खाली दाबत खरवडा. ताटात घट्ट पांढरा चीक जमा होईल, त्यात दाण्यांचे बारीक तळही असतील. एका कणसातून चमचा-दीड चमचाच निघतो, पण हाच चीक शेवटी टोमॅटोचा रस आणि भोपळ्याचं पाणी एकजीव करतो. रिकामं झालेलं बुरकुंडही लगेच टाकू नका, त्याचं काम पुढे आहे.

दाणे जरा जून वाटले तर आधी वेगळे साध्या पाण्यात दहा मिनिटं उकडून घ्या. टोमॅटोच्या आंबटपणात दाणा लवकर मऊ होत नाही. थेट भाजीत टाकलात तर भोपळा शिजून जाईल आणि दाणे दातांखाली टणकच लागतील.

मिरची, पाला आणि चीज

तिकडे या भाजीत सेरानो, हालापेनो किंवा मोठी, मवाळ पोब्लानो मिरची घालतात. तिखटपणा मोजायच्या स्कोव्हिल या एककात हालापेनोचा आकडा 2,500 ते 8,000, सेरानोचा 10,000 ते 23,000 आणि पोब्लानोचा जेमतेम हजार-दोन हजार. आपली साधी हिरवी मिरची बहुतेक वेळा सेरानोच्याही वर जाते, म्हणून ती मोजूनमापून घ्या. चौघांच्या भाजीला एक बारीक चिरलेली पुरे. तिखट आणखी कमी हवं असेल तर मिरचीला उभी चीर देऊन ती अख्खीच घाला आणि वाढताना काढून टाका. पोब्लानोची जागा भावनगरी मिरची बऱ्यापैकी भरून काढते. ती गॅसवर काळी होईपर्यंत भाजून, दहा मिनिटं झाकून, साल काढून लांब पट्ट्या कापायच्या. ढोबळी मिरचीचा वास मात्र सगळ्या भाजीवर चढून बसतो. मी ती घालत नाही.

एपासोते नावाचा पाला या भाजीची खास ओळख. त्याला उग्र, रॉकेलची आठवण करून देणारा वास असतो आणि ज्यांना तो आवडतो त्यांना त्याशिवाय भाजी अपुरी वाटते. मेक्सिकन दुकानात ताजा किंवा वाळवलेला मिळतो. ताजा असेल तर एक डहाळी, वाळवलेला असेल तर अर्धा लहान चमचा. ही वनस्पती भारतातही तण म्हणून वाढते, पण ओळख पक्की नसताना रानातून तोडून आणू नका. जास्त प्रमाणात ती बाधते आणि गरोदरपणात तर टाळलेलीच बरी. मिळाला नाही तर सरळ कोथिंबीर घाला, तीही मेक्सिकोत या भाजीत घालतातच. ओवा, कसुरी मेथी असले जुगाड करत बसू नका.

चीज म्हणून तिथे केसो फ्रेस्को किंवा पानेला वापरतात. दोन्ही ताजी, पांढरी, खारट आणि न वितळणारी. आपलं पनीर वितळत नाही, म्हणून पोत जुळतो, पण पनीर अळणी असतं. 100 ग्रॅम पनीर बोटांनी जाडसर कुस्करा, त्याला पाव लहान चमचा मीठ आणि लिंबाच्या रसाचे चार-पाच थेंब चोळा आणि भाजी होईपर्यंत बाजूला ठेवा. फेटा चीज असेल तर तेही चालेल, फक्त भाजीतलं मीठ कमी करा. मोझरेला किंवा प्रोसेस्ड चीज घातलंत तर भाजीला तारा सुटतील आणि चव पिझ्झ्याकडे सरकेल.

साहित्य (चौघांना, तोंडीलावणं म्हणून)

झुकिनी किंवा कोवळा भोपळा: 600 ग्रॅम
गावठी मक्याची कोवळी कणसं: 2 (साधारण दोन वाट्या दाणे)
लालबुंद पिकलेले टोमॅटो: 300 ग्रॅम, म्हणजे 3 मध्यम
पांढरा कांदा: 1 मध्यम
लसूण: 2 मोठ्या पाकळ्या
हिरवी मिरची: 1
तेल: 2 मोठे चमचे, वास नसलेलं
मीठ: सव्वा लहान चमचा, चीज खारट असेल तर एकच
एपासोतेची एक डहाळी किंवा मूठभर कोथिंबीर
मीठ-लिंबू लावलेलं पनीर: 100 ग्रॅम

पांढरा कांदा आपल्याकडे अलिबागचा प्रसिद्ध आहे, आणि या भाजीला तो अगदी योग्य. लाल कांद्याने काही बिघडत नाही, रसाचा रंग तेवढा थोडा मळकट होतो. तेलाच्या जागी मेक्सिकोत पूर्वी डुकराची चरबी सर्रास वापरायचे, काही घरांत अजूनही वापरतात. शेंगदाणा तेल रिफाइंड असेल तर चालेल, घाण्याचं मात्र नको. त्याचा वास भोपळ्याला गिळून टाकतो.

भांडं

जाड बुडाचं, पसरट आणि घट्ट झाकणाचं हवं. स्टीलचं जाड पातेलं किंवा पसरट कढई उत्तम. तिकडे मातीच्या कासुएलात करतात. तुमच्याकडे गॅसवर चालणारं मातीचं भांडं असेल तर जरूर काढा. लोखंडी कढई इथे नको, टोमॅटोच्या आंबटपणाने भाजीला लोखंडाची चव येते आणि रस काळपट होतो. प्रेशर कुकरचा तर विचारही नको. एक शिट्टी झाली की फोडी संपल्या.

कृती

आधी सगळं चिरून ठेवा, कारण एकदा सुरुवात झाली की टप्पे भराभर येतात. झुकिनीची साल काढायची नाही. देठ आणि टोक कापा, उभे चार भाग करा आणि दोन सेंटिमीटरच्या फोडी करा. बोटाच्या पेराएवढी फोड बरोबर. बारीक केल्या तर विरघळतात, फार मोठ्या ठेवल्या तर बाहेरून मऊ आणि आतून कच्च्या राहतात. सगळ्या फोडी एकसारख्या असणं त्यांच्या मापापेक्षा महत्त्वाचं. कांदा बारीक चिरा, लसूण ठेचू नका, तोही बारीक चिरा. टोमॅटो सालीसकट बारीक चिरायचे आणि त्यांचा रस पाटावरून वाहून जाऊ द्यायचा नाही.

टोमॅटो भाजूनही घेता येतात, आणि वेळ असेल तर मी तेच सुचवेन. मेक्सिकोत हे काम कोमालवर, म्हणजे सपाट तव्यावर, होतं. कोरड्या तव्यावर अख्खे टोमॅटो मध्यम आचेवर ठेवा आणि फिरवत राहा. दहा-बारा मिनिटांत साल फुटून काळी पडते आणि आतला गर मऊ होतो. मग थोडी काळी साल तशीच ठेवून चमच्याने जाडसर चेचा. मिक्सरला लावायचे असतील तर एक-दोनदा फिरवून थांबा.

आता पातेल्यात तेल तापवा, कांदा घाला आणि मध्यम आचेवर चार-पाच मिनिटं परता. कांदा पारदर्शक झाला, त्याचा कच्चा उग्र वास गेला की थांबायचं. आपल्याला गुलाबी, मग तांबूस, मग खरपूस असं पुढे जायची सवय असते, इथे ती आवरा. तांबूस कांद्याने भाजीची चव जड होते आणि रस तपकिरी दिसतो. मग लसूण आणि मिरची घालून मिनिटभर परता. लसणाचा रंग बदलता कामा नये.

टोमॅटो आणि निम्मं मीठ घाला, आच थोडी वाढवा. या भाजीची चव इथे ठरते, त्यामुळे घाई करू नका. पहिल्या दोन-तीन मिनिटांत टोमॅटो खूप पाणी सोडतील आणि पातेल्यातून नुसतं बुडबुड असं उकळण्याचं काम चाललेलं ऐकू येईल. मग रस आटत जाईल, रंग गुलाबटसर लालवरून गडद शेंदरी होईल आणि आवाज बदलेल. बुडबुड थांबून चरचर सुरू होईल. चमचा तळावरून ओढलात तर मागे क्षणभर स्वच्छ वाट दिसेल आणि कडेला तेलाची बारीक रेघ सुटेल. साधारण सात-आठ मिनिटं लागतात, टोमॅटो रसाळ असतील तर दहा. टोमॅटो आधी भाजले असतील तर चार-पाच मिनिटांत काम होतं. इथे कच्चा राहिलेला टोमॅटो पुढे कितीही शिजवला तरी आंबट-पाणचटच लागतो, कारण झाकण ठेवल्यावर परतायची संधीच उरत नाही.

मक्याचे दाणे, खरवडलेला चीक आणि बुरकुंडाचे दोन तुकडे आत टाका. नीट हलवून, झाकण ठेवून मंद आचेवर आठ मिनिटं शिजवा. चीक तळाला लागू शकतो, म्हणून मध्ये एकदा तळ खरवडून बघा. फारच कोरडं वाटलं तर घाबरून पाणी घालू नका, आच कमी करा आणि भोपळ्याच्या फोडी लगेच आत जाऊ द्या, त्यांचं पाणी पुरतं. स्वीट कॉर्न असेल किंवा दाणे आधी उकडलेले असतील तर हा टप्पा गाळून ते फोडींबरोबरच घाला.

आता फोडी, उरलेलं मीठ आणि एपासोतेची डहाळी. कोथिंबीर वापरणार असाल तर आत्ता फक्त देठं बारीक चिरून घाला आणि पानं शेवटासाठी ठेवा. सगळ्या फोडींना टोमॅटो लागेल असं दोन-तीनदा खालून वर उलथा. मीठ लागलं की भोपळा पाणी सोडायला लागतो. घट्ट झाकण ठेवा, आच अगदी मंद करा.

झाकणावर पाणी ठेवून भाजी वाफेवर शिजवायची आपली जुनी युक्ती इथे चपखल बसते. खोलगट ताटली झाकण म्हणून ठेवून तिच्यात वाटीभर गार पाणी घाला. खालची वाफ गार ताटलीला लागून थेंबांनी परत भाजीत पडते, त्यामुळे रस बाहेर जात नाही आणि भाजी लागतही नाही. ताटलीतलं पाणी गरम झालं तरी ते भाजीत ओतायचं नाही. भाजी दाट वाटली की ते आत ढकलायचा मोह होतो, तेवढा आवरा.

पाच मिनिटांनी झाकण न काढता पातेलं दोन्ही हातांनी धरून एकदा हिसडा द्या. चमच्याने ढवळलंत तर अर्धवट शिजलेल्या फोडींच्या कडा मोडतात. आठव्या मिनिटाला उघडून बघा. सुरीचं टोक फोडीत विनासायास गेलं पाहिजे, पण फोड चमच्यात उचलली तर तिचे कोपरे शाबूत हवेत. साल चमकदार हिरवी राहणार नाही, जरा मंद ऑलिव्ह रंगाची होईल. ते तसंच अपेक्षित आहे, हॉटेलातल्यासारखी करकरीत झुकिनी इथे करायची नाही. बहुतेक वेळा दहा ते बारा मिनिटं लागतात. तळाशी अर्धा बोट रस दिसायला हवा, भाकरीचा तुकडा बुडवता येईल इतका.

गॅस बंद करा. बुरकुंडाचे तुकडे आणि एपासोतेची डहाळी काढून टाका. पनीर वरून पसरा, हलवू नका, झाकण ठेवून पाच मिनिटं तशीच ठेवा. पनीर गरम होऊन मऊ पडतं आणि त्याचं मीठ रसात उतरतं. मग कोथिंबिरीची पानं घालून, एकदाच हलक्या हाताने खालून वर करून वाढा.

काही बिघडलं तर

रस फार झाला तर फोडी झाऱ्याने बाजूला काढा, नुसता रस मोठ्या आचेवर दोन-तीन मिनिटं आटवा आणि फोडी परत सोडा. फोडींसकट आटवायला गेलात तर लगदा होईल. भाजी आंबट लागली तर साखर घालायच्या आधी पनीर थोडं वाढवून बघा, बहुतेक वेळा तेवढ्याने भागतं. टोमॅटो फारच आंबट निघाले असतील तर चिमूटभर साखर घाला, फार मनाला लावून घेऊ नका. सपक लागत असेल तर सहसा मीठच कमी असतं. वरून लिंबू पिळूनही चव उघडते, मेक्सिकोत जवळपास प्रत्येक ताटाशेजारी लिंबू असतंच. फोडी विरघळल्याच असतील तर त्यात थोडं गरम पाणी आणि दूध घालून सूप करा. तिकडे भोपळ्याचं सूप असतंच, कोणाला काही कळणार नाही.

पुढचे प्रकार

मूळ पद्धत हातात बसली की थोडे बदल करून बघायला हरकत नाही. भाजलेल्या पोब्लानोच्या, किंवा आपल्याकडच्या भावनगरीच्या, पट्ट्या घालून शेवटी पाव वाटी घट्ट साय किंवा फ्रेश क्रीम मिसळायचं. हा मऊ, सायीचा प्रकार मध्य मेक्सिकोत फार लोकप्रिय आहे. क्रीम घालताना गॅस बंद हवा, नाहीतर टोमॅटोच्या आंबटपणाने ते फुटतं.

उत्तर मेक्सिकोत डुकराच्या मांसाचे किंवा कोंबडीचे तुकडे आधी शिजवून, त्यातच ही भाजी करतात आणि चिमूटभर जिरंही घालतात. तोंडीलावण्याचं मग पूर्ण जेवण होतं. जिऱ्याची फोडणी नव्हे, जिरं कुटून टोमॅटोबरोबर घालायचं. उलट ईस्टरच्या आधीच्या चाळीस दिवसांच्या उपवासकाळात, कॅथलिक घरांत शुक्रवारी मांस वर्ज्य असताना, जास्त चीज घातलेली हीच भाजी मुख्य पदार्थ म्हणून पुढे येते.

परसात भोपळ्याचा वेल असेल तर फुलंही वापरा. फक्त नर फुलं तोडा, म्हणजे लांब बारीक देठाची, ज्यांच्या बुडाशी छोटं फळ नसतं. आतला पुंकेसर आणि देठाजवळची हिरवी टोकं काढा, पाकळ्या हातानेच फाडा आणि शेवटच्या दोन मिनिटांत भाजीत टाका. मेक्सिकोच्या बाजारात या फुलांच्या जुड्या विकायला असतात.

आणि घोळ. आपल्याकडे शेताच्या बांधावर उगवणारी, आंबटसर, मांसल पानांची घोळाची भाजी मेक्सिकोतही आवडीने खातात, बहुतेक वेळा डुकराच्या मांसाबरोबर हिरव्या साल्सात शिजवून. कोवळा घोळ मिळाला तर मूठभर या भाजीत फोडींबरोबर घालून बघा, फक्त मग टोमॅटो एक कमी करा.

कशाबरोबर खायची, उरली तर काय करायचं

तिकडचं ताट करायचं असेल तर टोमॅटोत शिजवलेला लालसर भात, कांदा आणि एपासोते घालून नुसता मिठात शिजवलेला काळा किंवा तपकिरी घेवडा आणि गरम टॉर्टिया. चुन्याच्या पाण्यात भिजवलेल्या मक्याच्या पिठाचं पाकीट मिळत असेल तर टॉर्टिया घरी थापता येतात. नसेल तर मक्याची किंवा ज्वारीची भाकरी या रसाला छान न्याय देते. बाजरीची भाकरी चवीला फार दणकट पडते. घेवड्याऐवजी राजमा करणार असाल तर तोही साधाच ठेवा, पंजाबी मसाल्याच्या राजम्याशेजारी ही भाजी केविलवाणी होते.

भाजी फ्रीजमध्ये दोन दिवस चांगली राहते. पनीर घालायच्या आधीच उद्याचा वाटा काढून ठेवला तर आणखी बरं. गरम करताना पातेल्यात मंद आचेवर करा, मायक्रोवेव्हमध्ये फोडी फुटतात. डीप फ्रीझ करू नका, वितळल्यावर भोपळ्याचं नुसतं पाणी हाती येतं. दुसऱ्या दिवशी भाजी चाळणीत निथळून घ्या, टॉर्टियावर किंवा पोळीवर थोडं वितळणारं चीज किसा, वर निथळलेली भाजी पसरा, दुमडा आणि कोरड्या तव्यावर दोन्ही बाजूंनी खरपूस भाजा. मोझरेला चालतो तो इथे. निथळलेला रस टाकून देऊ नका. त्यात अंडी फोडून, झाकण ठेवून तीन-चार मिनिटं शिजवली की सकाळचा नाश्ता होतो.